आक्कांच्या नावाचा ठराव

आमदार-खासदार निवडायचे असले की मला मत असतं. शाई लावलेलं बोट मिरवत मी घरी येते. पण ज्या एका निवडणुकीनं माझं रोजचं जगणं बदललं, तिथं मला मतच नव्हतं. मत संस्थेला होतं. संस्था म्हणजे काय, तर आमच्या वाडीतल्या बायकांची दूध संस्था. एक पत्र्याची खोली, फॅट काढायचं मशीन, वजनकाटा, आणि सकाळ-संध्याकाळ दारात किटल्या घेऊन उभ्या राहिलेल्या बायका. संस्थेला ना हात ना बोट, ती शिक्का कशी मारणार? म्हणून कायद्यानं सोय करून ठेवली आहे. सगळ्या सभासदांनी सभा घ्यायची, आपल्यातल्या एकीचं नाव ठरवायचं, तसा ठराव लिहून तालुक्याला पाठवायचा. मग ती एकटी बाई सगळ्यांच्या वतीनं, आमचं दूध विकत घेणाऱ्या दूध संघाच्या निवडणुकीत मत देणार. अशा माणसाला ठरावधारक म्हणतात.

ऐकायला सोपं वाटतं. पण यातली गोम बघा. मत गुप्त असतं. पडद्याआड जाऊन ठरावधारकानं शिक्का कुठं मारला ते कुणी बघायचं नाही. सभेत तुम्ही काहीही ठरवा, कागदावर फक्त नाव जातं, तुमचं ठरलेलं जात नाही. म्हणजे तुम्ही आपली मान एकाच्या हातात द्यायची आणि घरी येऊन वाट बघत बसायचं. ही सोय ज्यानं कुणी काढली, त्याला जाऊ नसावी.

माझं माहेर वरव्याचं, हायवेजवळचं. मला लग्नाआधी म्हशीची शेपटीसुद्धा धरता येत नव्हती. बारावी झालेली पोर वेल्हे तालुक्यात तोरण्याच्या पायथ्याच्या वाडीत येऊन पडली. तालुक्याला आता नवं नाव दिलंय म्हणतात, आमच्या तोंडात वेल्हंच आहे. इथं मला धार काढायला शिकवली ती माझ्या थोरल्या जावेनं. आम्ही सगळ्या त्यांना आक्का म्हणतो. पहिल्या दिवशी म्हशीनं लाथ झाडली, किटली एकीकडं अन् मी एकीकडं. सासूबाई कपाळाला हात लावून आत गेल्या. आक्कांनी मला उठवलं, माझी बोटं आपल्या हातात घेऊन सडाला लावली आणि म्हणाल्या, "ओढू नगंस. दाबून सोडायचं. तिला वाटलं पायजे की तिचंच रेडकू हाय." त्या दिवसापासून मी त्यांना आईच्या जागी धरलं होतं. हे आधीच सांगते, म्हणजे पुढं मी तावातावानं बोलले तर तुम्हाला कळेल की ताव कशाचा आहे.

शिकलेली म्हणून संस्थेची सचिव मीच. फॅट काढायची, लिहायचं, टेम्पो आला की कॅन चढवून द्यायचे. संघाचा टेम्पो आमच्या वाडीपर्यंत यायचा, हीच आमची श्रीमंती. आणि दुसरी गोष्ट म्हणजे दुधाचं बिल. ते ज्या बाईनं दूध घातलं तिच्याच खात्यावर जमा व्हायचं. नवऱ्याच्या नाही, सासऱ्याच्या नाही. पुरुषांना वाटतं यात काय विशेष. आमच्या शेजारणीला कित्येक वर्षं सुईत दोरा ओवता येत नव्हता. तिनं एक दिवस कुणाला न विचारता एस.टी. धरली, वेल्ह्याला गेली, चष्मा करून आली. नवरा म्हणाला, कुणाला इचारलंस? ती म्हणाली, म्हशीला. सगळी वाडी आठवडाभर हसत होती.

मग बातमी आली की वरच्या वाड्यांची केंद्रं संघाला परवडत नाहीत. टेम्पो चढाला येणार नाही, वाड्यांनी खालच्या गावच्या संस्थेत जाऊन दूध घालायचं. खालचं गाव म्हणजे ओढा ओलांडून, घळीतून उतरून. उन्हाळ्यात तिथवर दूध न्यायचं म्हणजे निम्मं नासणार. आणि ती संस्था सगळी पुरुषांची. तिथं घरटी एकच सभासद आणि तो कर्ता पुरुष. म्हणजे म्हैस आमची, शेण आमचं, गवताचा भारा आमच्या डोक्यावर, आणि बिल मालकांच्या खात्यावर.

त्याच वर्षी संघाची निवडणूक लागली. दोन पॅनेल उभी राहिली. कपबशीवाले आधीचेच, ज्यांनी टेम्पो बंद करायचं काढलं होतं. छत्रीवाले नवे. छत्रीचा आमच्या भागातला उमेदवार वरच्या खोऱ्यातलाच, स्वतः म्हशी पाळणारा. तो आमच्या खोलीत येऊन चहा पिऊन गेला आणि म्हणाला, मी निवडून आलो तर एकाही वाडीचा टेम्पो थांबू देणार नाही. खोटं बोलत असेल असं वाटलं नाही. त्याच्या पायताणाला शेण होतं.

आता ठराव कुणाच्या नावचा करायचा? माझ्या नावचा होत नव्हता, मी पगारी सचिव. बायका म्हणाल्या, मग आक्काच. त्यात चर्चा करण्यासारखं काहीच नव्हतं. आक्का कधी कुणाच्या अध्यात ना मध्यात. दुधात पाण्याचा थेंब नाही. एकदा त्यांच्या रेड्यानं कुणाचा तरी वाफा खाल्ला, कुणी बघितलं नव्हतं, तरी स्वतः जाऊन सांगून आल्या. असं माणूस.

सभेत एक म्हातारी बसली होती, आमच्या वाडीतली सगळ्यात जुनी सभासद. ती म्हणाली, "ठराव करा, पर आक्काला देवाम्होरं बेल-भंडारा उचलाया लावा." म्हणजे आपल्याकडची मोठी शपथ. देवापुढचा बेल आणि हळदीचा भंडारा हातात घेऊन शब्द द्यायचा. तो मोडला तर घरादाराला भोवतो, अशी आमच्याकडची समजूत आहे, आणि समजूत म्हणण्याइतकी हलकी ती नाही. भंडारा उचलून भावाभावांच्या वाटण्या होतात. मी म्हातारीवर चिडले. म्हटलं, आज्जी, आपल्याच माणसाला शपथ घालायची म्हणजे आधीच चोर ठरवायचं. आक्कांनी एकदा सांगितलं की झालं. आक्का पदर सावरत म्हणाल्या, "छत्रीलाच मारीन शिक्का. टेम्पो बंद झाला तर माज्या तरी म्हशींचं काय व्हनार हाय?" सगळ्यांनी हात वर केले आणि मी ठराव लिहून टाकला.

ठरावधारकांची नावं जाहीर झाली आणि वाडीत पांढरी गाडी आली. दोन माणसं उतरली, कपबशीची. आक्कांच्या घरी बसली, पाया पडली, नारळ दिला. म्हणाली, मावशी, वरच्या वाड्यांच्या सगळ्या ठरावधारक बायकांना आमी देवदर्शनाला न्हेतोय, राहणं-खाणं समदं आमच्याकडं, मतदानाच्या दिवशी परत आणून सोडतो. हे काही नवीन नाही. आमच्याकडं निवडणूक लागली की देवांना फार गर्दी होते.

आक्कांना जायचं नव्हतं. त्या माझ्याकडं आल्या आणि म्हणाल्या, "ज्याचं खायाचं त्याला न्हाई कसं म्हनायचं, धाकटे?" मी एकटीनं काही सांगितलं नाही. संध्याकाळी दूध घालायला सगळ्या आल्या तेव्हा हाच विषय निघाला आणि सगळ्या एका सुरात म्हणाल्या, जावा की. खायचं त्यांचं, मत आपलं. हे आमच्या भागातलं शहाणपण आहे. बाहेरच्याला ते लबाडीचं वाटेल, पण आम्हाला तसं वाटत नाही. ज्यांनी वर्षानुवर्षं आम्हाला लुटलं, त्यांच्या पैशानं एका बाईला देव दिसत असेल तर बिघडलं काय? आक्कांनी जन्मात कधी कुठं देवाला म्हणून प्रवास केला नव्हता. म्हशी सोडून माहेरीसुद्धा मुक्काम केला नव्हता. एक जण म्हणाली, "गोडधोड खावा, झोपा काडा, आन् येऊन छत्रीवर दाबा." आक्का हसल्या, पण पुन्हा म्हणाल्या, "मला न्हाई बाई जमायचं आसलं." मी म्हटलं, आक्का, आत कोण बघतंय?

बस कापूरहोळहून सुटणार होती. मी त्यांना एस.टी.नं तिथवर सोडायला गेले. रस्ताभर त्या सांगत होत्या, कुठली म्हैस पान्हा चोरते, कुठलीला आधी पेंड दाखवायची. त्यांच्या म्हशींची धार मीच काढणार होते. कापूरहोळला ढाब्यासमोर आरशासारख्या काचा असलेली गाडी उभी होती. आक्का बावरल्या. मी त्यांना उलटीची गोळी दिली, पाण्याची बाटली दिली, खिडकीची जागा मागून घेतली. गाडी हलली तेव्हा त्या काचेतून हात करत होत्या, आणि खोटं कशाला सांगू, माझ्या डोळ्यांत पाणी आलं. वाटलं, जाऊ दे बिचारी, तेवढंच सुख.

मतदान वेल्ह्यात होतं. आम्ही बायकांनी टेम्पो ठरवला, भाकरी बांधून घेतल्या, आणि मत नसताना मतदान बघायला गेलो. शाळेच्या फाटकाबाहेर आम्हाला उभं करून ठेवलं होतं. छत्रीवाल्यांचा मांडव रिकामा, दोन-चार खुर्च्या. आमच्यासारख्याच वरच्या वाड्यांच्या आणखी बायका येऊन थांबल्या होत्या. प्रत्येकीला आपापल्या ठरावधारकाची वाट. मग ती गाडी आली. दार उघडलं आणि एकेक बाई उतरायला लागली. सगळ्यांच्या अंगावर एकच साडी. पोपटी रंग, लाल काठ. एक उतरली, दुसरी उतरली, तिसरीही तशीच. पुढं एक माणूस, मागं एक माणूस, मध्ये पोपटी रांग. मेंढरं मोजून आत घालावीत तसं चाललं होतं.

माझ्या शेजारची म्हणाली, "आपल्या आक्का बघा की, कशा नटल्यात." बायकांना आनंद झाला होता. कुणी हाका मारायला लागल्या. आक्कांनी एकदा आमच्याकडं पाहिलं. मला पाहिलं. आणि मान खाली घातली ती वर केलीच नाही. मी मनाशी म्हटलं, माणसं बरोबर आहेत म्हणून घाबरल्या असतील. आपलं मन किती खोटं बोलतं बघा, आणि आपण ऐकतो.

मत देऊन त्या बाहेर आल्या आणि आमच्याच टेम्पोत चढल्या. बायकांनी त्यांना मधोमध बसवलं. देव कसा होता, जेवायला काय होतं, खोलीत पंखा होता का, असल्या चौकशा. मत कुणाला दिलं हे एकीनंही विचारलं नाही. विचारायचं कशाला, ते ठरलेलंच होतं. आक्कांनी पिशवीतून प्रसादाची पुडी काढली आणि प्रत्येकीच्या हातावर चिमूट-चिमूट ठेवली. माझ्याही ठेवली. मी डोक्याला लावून खाल्ला.

दुसऱ्या दिवशी भोरला मोजणी झाली. दुपारी फोन आला, छत्री पडली. आमचा तो शेणाच्या पायताणाचा उमेदवार थोडक्यात पडला. फोनवरचा माणूस म्हणाला, वरच्या वाड्यांची मतं आली असती तर निवडून आला असता. मी म्हटलं, आमचं तर आलंच असणार. तो हसला. म्हणाला, ताई, ज्या गाडीत बसून आल्या त्या गाडीची मतं कधी दुसरीकडं जातात का?

मी तशीच उठले. आक्का गोठ्यात धारेला बसल्या होत्या. जुनं लुगडं, डोक्याला फडकं, कालची पोपटी साडी कुठंच नव्हती. मी उंबऱ्यातूनच विचारलं, "आक्का, शिक्का कुठं मारला?"

त्यांचे हात थांबले नाहीत. "कपबशीवर," त्या म्हणाल्या.

मला वाटलं त्या थट्टा करतायत. आयुष्यात कधी थट्टा न केलेली बाई. मी म्हटलं, का?

"देवळाच्या पायरीवर बसवलं आमा सगळ्यांस्नी. भंडारा आणला. म्हनाले, उचला. समद्यांनी उचलला. म्या बी उचलला."

"न्हाई म्हणायचं व्हतं."

"त्यांचं खाल्लं व्हतं, धाकटे. त्यांच्या गाडीत बसून देवापातूर गेले. आन् देवाच्याच दारात न्हाई म्हनू?"

"अन् आमाला दिलेला शब्द?"

आता त्यांनी मान वर केली. रागानं नाही. खरंच काही समजावून सांगावं तशा म्हणाल्या, "तुमी शब्दच घेतला. शपत कुठं घेतली?"

मला ओरडायचं होतं, ती किटली उचलून भिंतीवर आपटायची होती. केसानं गळा कापणं म्हणतात ते काय असतं, ते मला त्या दिवशी कळलं. परक्यानं सुरी चालवली तर निदान आपण हात आडवा घालतो. हिच्यापुढं मी स्वतः मान ठेवली होती. हिला मी कापूरहोळला खिडकीची जागा धरून दिली होती. म्हातारी शपथ घाला म्हणत होती, तेव्हा हिच्यावर डाग नको म्हणून मी एकटी भांडले. आणि माझ्या त्याच मायेची हिनं पळवाट केली. मी शपथ घातली नाही म्हणून माझा शब्द हलका, आणि त्यांनी घातली म्हणून त्यांचा जड. म्हणजे विश्वास ठेवणारा मूर्ख, आणि संशय घेणारा सावकार. मी हे सगळं बोलले. याहून वाईटही बोलले, ते इथं लिहीत नाही. आक्का ऐकत होत्या. शेवटी म्हणाल्या, "म्या खोटं बी सांगू शकले असते तुला." हे तर खरंच होतं. आत कोण बघतंय, हे मीच त्यांना शिकवलं होतं. पण त्या खोटं बोलल्या नाहीत आणि त्यामुळं मला त्यांना नीट लबाडसुद्धा म्हणता येईना. याचा मला आणखी राग आला.

संध्याकाळी खोलीवर सगळ्या जमल्या. मी काही बोलायच्या आत आक्कांनीच सांगून टाकलं, जसं वाफ्याचं सांगितलं होतं तसं. मला वाटलं, आता आकाशपाताळ एक होईल. एकीनं डोळ्याला पदर लावला. मग चष्मेवाली शेजारीण हळूच म्हणाली, "भंडारा उचलल्यावर ती तरी काय करंल?" दुसरीनं मान डोलावली. तिसरी म्हणाली, "देवाचं मोडलं असतं तर तिची लेकरंबाळं हायती." आणि ती म्हातारी, तिनं आक्कांकडं पाहिलंच नाही. माझ्याकडं बोट केलं. "म्या सांगत व्हते. आदी आपन उचलाया लावला असता तर तिनं तितं दुसरा उचलला नसता. हिच्या शिकल्याल्या डोक्यानं घात केला."

आणि सगळ्या माझ्याकडं बघायला लागल्या. देवाशपथ सांगते, आक्कांनी दिलेल्या धक्क्यापेक्षा हा मोठा होता. मत दिलं त्यांनी, टेम्पो घालवला त्यांनी, आणि गुन्हेगार मी. कुंपणानं शेत खाल्लं, तर लोक कुंपणाला नाही, कुंपण लावणाऱ्याला धरतात. आपलेच दात, आपलेच ओठ, चावून तरी कुणाला चावायचं. मी फॅटचं मशीन बंद केलं, खोलीची किल्ली खिडकीत ठेवली आणि घरी आले. कुणी मागून हाक मारली नाही.

टेम्पो बंद झाला. फार वाट बघावी लागली नाही. संघाचा कागद आला की आमची संस्था खालच्या गावच्या संस्थेत विलीन केली. एक दिवस गाडी आली, मशीन आणि काटा चढवून घेऊन गेली. माझी सचिवकी संपली, तिचं मला फारसं वाटलं नाही. पण कॅन गेले तेव्हा खोलीच्या फरशीवर त्यांचे गोल गोल डाग राहिले होते, ते बघून मी खाली बसले आणि रडले. बघायला कुणी नव्हतं, नाहीतर तेही वाडीनं माझ्याच खात्यावर मांडलं असतं.

आता आम्ही रोज खाली जातो. ओढा, घळ, मग गावाची कमान. आक्काही येतात. त्या पुढं, मी मागं, मध्ये बरंच अंतर. त्यांचे गुडघे दुखतात, उतारावर थांबत थांबत जातात. एकदा निसरड्यात मीच घसरले, तेव्हा मागं वळून त्यांनी माझी किटली घ्यायला हात पुढं केला. मी दिली नाही. अजून मनातून गेलं नाही. जाईल असं वाटतही नाही, आणि गेलंच पाहिजे असंही मला वाटत नाही.

खालच्या संस्थेत आमच्या मालकांच्या, म्हणजे माझ्या नवऱ्याच्या नावानं खातं निघालं. बिल त्यांच्या खात्यावर पडतं. माणूस म्हणून ते वाईट नाहीत हो, पैसे मागितले तर देतात. पण मागावे लागतात. चष्मेवालीची काडी मोडली, तिनं दोरा गुंडाळून घेतलाय. विचारलं तर म्हणते, चालतंय की.

पावसाळा तोंडावर आला तेव्हा त्या संस्थेची वार्षिक सभा निघाली. सभासद मालक, म्हणून सभेला तेच जाणार. सकाळी दाढी करता करता स्वतःहून म्हणाले, "तुजं काय म्हननं आसंल तर सांग. मी मांडतो की तितं." मला बरं वाटलं. इतक्या महिन्यांत मला कुणी, तुझं काय म्हणणं आहे, असं विचारलंच नव्हतं. मी म्हटलं, ओढ्याला पाणी चढलं की बायकांना दूध घेऊन उतरता येत नाही. नुसत्या पावसाळ्यापुरता तरी टेम्पो वाडीवर पाठवा. खोली आहे, तिथं दूध गोळा करून ठेवतो. एवढंच सांगायचं. ते म्हणाले, एवढंच ना. मी म्हटलं, म्हणून दाखवा. त्यांनी साबणाच्या तोंडानं म्हणून दाखवलं, एक शब्दही चुकले नाहीत. मी इस्त्रीचा सदरा काढून दिला.

दिवस कलायला आला तेव्हा परत आले. तोंडात विडा होता. मी दारातच विचारलं, "मांडलं का?"

"विषयच निघाला न्हाई. आयत्या येळचे विषय शेवटाला घेतो म्हनले, तवर पंगत बसली."

"मंग तुमी तितं केलं काय?"

"हात वर केला की. समद्यांनीच केला."

"कशाला?"

त्यांना आठवावं लागलं. टोपी काढून त्यांनी खुंटीला अडकवली. "वाडीवरची खोली पेंडीच्या गोदामाला घ्यायची, आन् तितलं केंद्र कायमचं बंद. आसंच कायतरी वाचलं चेअरमननं. एकमतानं मंजूर झालं."

"एकमतानं?"

"व्हय. कुनीच न्हाई म्हनलं न्हाई," ते म्हणाले, आणि पाणी मागितलं.

मी तांब्या भरून दिला. त्यांनी तो उभ्यानंच प्यायला आणि मला विचारलं, आज दूध किती निघालं.